गॅदरिंगचा दुसरा दिवस

आमच्या शाळेचं गॅदरिंग तीन दिवसांचं. पहिला दिवस शर्यतींचा, तिसरा नाचगाण्यांचा नि बक्षिसांचा. मधला दिवस पूर्वी फनी गेम्स आणि रंगीत तालमीत जायचा. 2006च्या डिसेंबरात तो हातानं केलेल्या विज्ञानखेळण्यांचा झाला, आणि निवृत्त होईपर्यंत मी वर्षभर त्याच दिवसाची वाट पाहत असे.

सकाळी फाटकाशी येतानाच पिपाण्या ऐकू यायच्या. शीतपेयाच्या नळीचं एक टोक दातांनी चपटं करायचं, दोन्ही बाजूंनी तिरपं कापून चोचीसारखं करायचं आणि फुंकायचं. वाजत असतानाच दुसरं टोक कात्रीनं थोडं थोडं छाटत गेलं की सूर चढत जातो. हवेच्या स्तंभाची लांबी कमी झाली की वारंवारता वाढते, हे वाक्य मी कितीतरी वर्षं फळ्यावर लिहिलं होतं. इथे सहावीतली पोरगी कात्री चालवता चालवता ते कानांनी ऐकत होती.

हे आमच्याकडे आलं ते साध्यासुध्या वस्तूंच्या खेळण्यांतून विज्ञान शिकवणाऱ्या अरविंद गुप्तांकडून. त्याच वर्षी 28 फेब्रुवारीला, विज्ञान दिनाला, आम्ही चाळीस मुलं एसटीनं पुण्याला आयुका या खगोलशास्त्राच्या संशोधन संस्थेत नेली होती. तिथल्या मुलांच्या विज्ञान केंद्राची, मुक्तांगण विज्ञान शोधिकेची इमारत पु. ल. देशपांडे प्रतिष्ठानच्या देणगीतून उभी राहिली. तिचं नाव पुलस्त्य, त्यात पु.ल.ही आहेत आणि सप्तर्षींतला ताराही. गर्दी जत्रेसारखी. मुलं कुठल्याही वस्तूला हात लावत होती आणि ‘लावू नकोस’ असं कुणीच म्हणत नव्हतं, हे मला फार नवं होतं. जयंत नारळीकर सर सही मागणाऱ्या मुलांना सांगत, की पोस्टकार्डावर प्रश्न लिहून पाठव, उत्तर सहीसकट येईल. परतीच्या गाडीत जुन्नर येईपर्यंत आमची पोरं कुणी काय विचारायचं यावर भांडत होती.

गुप्ता मूळचे बरेलीचे. आयआयटी कानपूरमधून 1975 साली अभियंता होऊन ते पुण्यात टेल्कोत, म्हणजे आजच्या टाटा मोटर्समध्ये लागले. 1978 साली वर्षभराची रजा काढून मध्य प्रदेशातल्या होशंगाबाद विज्ञान शिक्षण कार्यक्रमात गेले. तिथल्या खेड्यांतल्या शाळांत प्रयोगशाळा कुठली असायला? आठवडी बाजारात मिळेल त्यातूनच विज्ञान उभं करायचं होतं. सायकलची व्हॉल्व्ह ट्यूब आणि काडेपेटीच्या काड्या जोडून आकृत्या करण्याची कल्पना तिथलीच. पुढे त्यांनी नोकरी सोडली ती कायमची. मग पुस्तकं लिहिली, दूरदर्शनवर खेळणी करून दाखवली, मुलांसाठीची असंख्य पुस्तकं हिंदीत आणली आणि ती कुणालाही फुकट वाचता येतील अशी खुली ठेवली. 2003 ते 2014 ते आयुकात होते. तिथे सहकाऱ्यांबरोबर एक-दोन मिनिटांच्या चित्रफिती केल्या, त्यांतल्या कितीतरी मराठीतही बोलतात. 2018 साली पद्मश्री मिळाली, तेव्हा आमच्या शिक्षकखोलीत पेढे वाटले गेले. खेळणं मोडून आत काय आहे ते पाहणं, हा मुलाचा हक्क आहे असं ते मानतात. माझ्या मते त्यांच्या सगळ्या कामाचं मूळ इथेच आहे.

आमच्या खेळण्यांच्या दिवशी सगळ्यात जास्त गर्दी विजेच्या मोटारीपाशी. एक बॅटरी, दोन सेफ्टी पिना, एक चुंबक आणि तांब्याच्या तारेचं वेटोळं. मेख तारेवरच्या लाखेत असते. वेटोळ्याच्या एका टोकाची लाख पूर्ण खरवडायची, दुसऱ्या टोकाची मात्र तीनच बाजूंनी. पहिल्या वर्षी सातवीतल्या एका मुलानं दोन्ही टोकं अगदी लख्ख केली. वेटोळं नुसतं थरथरलं आणि थांबलं. मी सांगायला पुढे झाले, तर तो म्हणाला, “बाई, थांबा ना.” जेवणाची घंटा झाली तरी तो उठला नाही. अखेर त्याला सापडलं: प्रत्येक फेरीत वीज क्षणभर तुटायला हवी, नाहीतर चुंबक वेटोळ्याला पुढे ढकलून पुन्हा मागे ओढतो. नवी तार घेऊन त्यानं मोटार फिरवली तेव्हा मला रडूच आलं. इतकी वर्षं मी उत्तर आधी सांगून टाकत होते.

काड्यांचं काम लहानांकडे. गूल आम्ही आदल्या दिवशीच खरवडून ठेवायचो, आणि व्हॉल्व्ह ट्यूब पंक्चरवाला मापापेक्षा हातभर जास्तच द्यायचा. तीन काड्यांचा त्रिकोण कितीही दाबा, हलत नाही. चौकोन मात्र लगेच कलतो. त्यात एक तिरपी काडी घातली की तोही ताठ.

तिसऱ्या दिवशी पाचवीतली दोन मुलं रंगमंचामागे जाऊन बांबू पाहत उभी. मंडपवाल्या काकांना त्यांनी विचारलं, “इथे चौकोनच आहे, तिरपा कुठंय?” काका आधी वैतागले, मग वाकून पाहिलं आणि काथ्या मागवला.

तेव्हापासून दर डिसेंबरात वासे उभे राहू लागले की पोरं मंडपाभोवती फेरी मारायची. काका वरूनच ओरडायचे, “लावलाय रे, तिरपा लावलाय!”