आमची वाटचाल : नवी पेठेतला गाळा आणि अण्णांचा बॅकअप

सोलापूरच्या नवी पेठेतल्या दहा बाय बाराच्या गाळ्यात मी आणि माझ्या मेव्हण्यानं हे काम सुरू केलं. टॉवेल-चादरीच्या कारखान्यांचे सर्व्हर बसवायचे, हिशेबाचा बॅकअप लावायचा, रात्री फोन आला की गाडी काढायची. पहिलं गिऱ्हाईक अक्कलकोट रोड एमआयडीसीतले अण्णा. त्यांची बॅकअपची स्क्रिप्ट, म्हणजे संगणकानं एकामागून एक पाळायच्या आज्ञांची यादी, मी स्वतः लिहिली, चाळीस ओळींची. वर्षानुवर्षं ती एका रात्रीही चुकली नाही. गिऱ्हाइकं वाढली, घर चाललं.

2021 च्या अखेरीस सर्व्हरवरच्या सेंटॉस 8 या लिनक्स प्रणालीचा सपोर्ट बंद झाला आणि आम्ही सगळ्यांना उबुंटू या दुसऱ्या लिनक्सवर आणलं. स्क्रिप्टा जशाच्या तशा उचलल्या. काही ठिकाणी लगेच बोंब झाली : '[[' सापडत नाही, 'सोर्स' सापडत नाही, अ‍ॅरेच्या ओळीत कंस अनपेक्षित. अशी बोंब परवडते. स्क्रिप्ट वाचून चालवणारा प्रोग्राम म्हणजे शेल; त्याला 'एसएच' या नावानं हाक मारतात. सेंटॉसवर एसएच म्हणजे बॅश हा शेलच. उबुंटूत 2006 पासून त्या जागी डॅश हा दुसरा शेल आहे, आणि बॅशचे लाड डॅश पुरवत नाही. ओरडलेल्या ओळी दुरुस्त करून टाकल्या.

अण्णांची स्क्रिप्ट ओरडलीच नाही.

मे महिन्याच्या उन्हात त्यांच्या सर्व्हरची डिस्क गेली. बाहेरच्या डिस्कवरच्या फाइली उघडायला घेतल्या, तर प्रत्येक रात्रीची फाइल अर्धवट. चुकांची नोंद होते तो लॉग मात्र कोरा. कोरा लॉग म्हणजे सगळं ठीक, हे कामावरच्या पोरांना मीच शिकवलं होतं. जुनी सेंटॉसची डिस्क कपाटात होती म्हणून आधीचा हिशेब वाचला. त्यानंतरचे महिने गेले.

त्याच आठवड्यात बाहेरगावच्या एका कंपनीचा माणूस एमआयडीसीत फिरून गेला. 'घरगुती स्क्रिप्टांवर धंदा सोडलात का?' चार गिऱ्हाइकं गेली. आमच्या स्क्रिप्टची एक ओळही त्यानं वाचली नव्हती. हे मला अजून लागतं.

अण्णांनी मात्र ऑफिसात बसवून चलन-बुकं पुढ्यात ठेवली. ''पैशाचं नंतर बघू की ओ. आधी च्या घ्या, मग लिहायला बसा.'' मी, मेव्हणा आणि त्यांचे मुनीम अकरा दिवस नोंदी करत होतो. शेजारी मागांची खडखड, दुपारी कडक भाकरी आणि शेंगाचटणी.

रात्री घरी स्क्रिप्ट उकलत बसायचो. एकेक ओळ टर्मिनलवर, म्हणजे आज्ञा टाइप करायच्या खिडकीत, टाकली की काम चोख. तिसऱ्या रात्री डोक्यात आलं, टर्मिनल तर बॅशचं आहे! डॅश उघडून तीच ओळ टाकली, तर कॉम्प्रेशन सुरू असतानाच पुढची आज्ञा मागणारा प्रॉम्प्ट परत आला. फाइल दाबून लहान करणाऱ्या जीझिपच्या ओळीत लॉगसाठी '&>' लिहिलं होतं. बॅश त्याचा अर्थ लावतो, आउटपुट आणि एरर दोन्ही या फाइलीत टाक. डॅश त्याचे दोन तुकडे करतो : '&' म्हणजे काम मागे सोड, आणि '>' म्हणजे फाइल कोरी करून ठेव. जीझिप मागे दाबत बसायचं, तोवर पुढची ओळ अर्धी फाइल कॉपी करून मोकळी व्हायची.

तिथं आता '> फाइल 2>&1' आहे; ते दोन्हीकडे चालतं. नव्यानं या धंद्यात आलेल्यांनी ऐकावं : बॅशचं काही वापरलं असेल तर, स्क्रिप्ट कुणी चालवायची ते सांगणाऱ्या पहिल्या ओळीत बॅशच लिहा. आणि 'एसएच'पुढे स्क्रिप्टचं नाव देऊन चालवू नका, मग पहिल्या ओळीला कुणी विचारत नाही. ठरल्या वेळी कामं सुरू करणाऱ्या क्रॉनच्या ओळीसुद्धा, वेगळं सांगितलं नाही तर, एसएचच चालवतो. अशा चुका शोधून देणारे शेलचेक आणि चेकबॅशिझम्स हे प्रोग्राम दोन्ही फुकट आहेत. आमच्याकडची प्रत्येक स्क्रिप्ट आता त्यांतून जाते.

गेलेल्या चौघांपैकी दोघं परत आले. बाकीच्या दोघांना आम्ही फोन केला नाही. अण्णांकडे दर महिन्याच्या एक तारखेला बॅकअप दुसऱ्या मशीनवर उघडतो, शेवटचं चलन त्यांच्या वहीशी ताडतो, आणि ते शेजारी सही करतात.