रुमालाखालचा सौदा

लातूर जिल्ह्यातील उदगीर तालुक्यात हाळी-हंडरगुळीचा जनावरांचा बाजार भरतो. देवणी आणि लाल कंधारी जनावरांच्या या बाजारात त्या दिवशी मी माहितीपटासाठी एका शेतकऱ्याच्या मागे होतो. त्याची जोडी विकली जाईपर्यंत सोबत राहायचे, एवढेच ठरले होते. परवानगी घेऊन त्याच्या सदऱ्याला लेपल माइक लावला आणि त्यानंतर त्याला एकही प्रश्न विचारला नाही.

माझ्या माहितीपटांत निवेदन नसते आणि मुलाखतही नसते. १९६० च्या सुमारास खांद्यावर पेलणारा १६ मिमी कॅमेरा आणि उचलून नेता येणारा ध्वनिमुद्रक हाती आला, तेव्हा अमेरिकेत ही निरीक्षणाची पद्धत रुजली. अमेरिकी माहितीपटकार फ्रेडरिक वाइजमन यांनी तर पुढे कित्येक दशके शाळा, इस्पितळे आणि सरकारी कचेऱ्या याच शिस्तीने टिपल्या. आपल्याकडे मात्र मुख्य चित्रपटाआधी सरकारी फिल्म्स डिव्हिजनच्या माहितीपटांतला निवेदकाचा भारदस्त आवाज ऐकत वाढलेल्या प्रेक्षकाला न बोलणारा माहितीपट अजूनही अर्धवट वाटतो.

दुपारी गिऱ्हाईक आले. दलालाने बैलाचा ओठ वर करून दात दाखवले, "सहा दाती हाय, बघून घ्या." बैल चालवून झाला, खांदा आणि खूर चाचपून झाले. मग दलालाने रुमाल शेतकऱ्याच्या हातावर टाकला, त्याखाली स्वतःचा हात घातला आणि बोटे दाबून भाव सुरू झाला. माइकमध्ये "नाही जमत", "बरं, धरा" असे तुटक शब्द आणि मध्येच खोकला, एवढेच येत होते. सहायकाने हळूच विचारले, "सर, किती म्हणाले ते विचारू का?" मी मानेनेच नकार दिला. जो आकडा शेजारच्या दावणीला कळू नये म्हणून झाकला होता, तो कॅमेऱ्यासाठी वदवून घेण्याचा अधिकार मला नव्हता. शिवाय शेतकऱ्याचा मुलगा कासरा धरून बापाच्या चेहऱ्याकडे टक लावून पाहत होता. भाव त्यालाही ठाऊक नव्हता. मी त्याच्या शेजारी जाऊन उभा राहिलो आणि कॅमेरा बंद केला नाही. विसाराची नोट हातात पडल्यावर मुलाने विचारले, "किती झालं, बाबा?" "घरी सांगतो," बाप म्हणाला.

संकलनात तो शॉट मी अखंड ठेवला. एका वाहिनीला तो आवडला, पण पडद्यावर किंमत लिहावी आणि दुष्काळावर निवेदन जोडावे, अशी त्यांची अट होती. मी ती मानली नाही आणि व्यवहार फिसकटला. (घर लग्नाच्या शूटिंगवर चालते, त्यामुळे असे नकार परवडतात.)

पुढे त्याच शेतकऱ्याच्या गावात, शाळेच्या पटांगणात, हा माहितीपट दाखवला. रुमाल हलू लागताच मागच्या रांगेतून कोणी आकडा बोलला, दुसऱ्याने तो खोडला, आणि कापडाला पडलेल्या चुण्यांवरून कोणते बोट दाबले गेले यावर दोघांची चांगलीच जुंपली. विकणारा पुढेच बसला होता. त्याने दोघांपैकी कोणालाही दुजोरा दिला नाही.