जिंकलेल्या केससाठी परत कोर्टात (माझा अनुभव)

बाबा जिल्हा परिषदेच्या शाळेत प्राथमिक शिक्षक होते. रिटायर झाले तेव्हा पेन्शनचे पेपर करताना ऑफिसने काढलं की पूर्वी वेतननिश्चिती चुकली, एक वेतनवाढ जास्त गेलीय, आणि ग्रॅच्युइटीतून 2 लाख 86 हजार परस्पर कापून घेतले. चूक त्यांची, बाबांनी एकही खोटा कागद दिलेला नव्हता. वर्ग 3, वर्ग 4 चे कर्मचारी आणि रिटायर झालेले यांच्याकडून अशी वसुली करता येत नाही हे सुप्रीम कोर्टाने 2014 मध्येच रफिक मसीह केसमध्ये सांगितलंय. त्याच आधारावर हायकोर्टाच्या औरंगाबाद खंडपीठात रिट (ऑफिसविरुद्ध याचिका) टाकली आणि जिंकलो, 8 आठवड्यांत व्याजासकट पैसे परत द्या अशी ऑर्डर. त्या दिवशी आईने शेजारीपाजारी पेढे वाटले.

8 आठवडे गेले, सहा महिने गेले, काहीच नाही. बाबा दर पंधरा दिवसांनी एसटीने जायचे, कापडी पिशवीत फाईल, आणि तिकडे एकच उत्तर, वरून मार्गदर्शन मागवलंय. एकदा तर क्लार्क म्हणाला गुरुजी ऑर्डरची कॉपी परत द्या, फाईलला दिसत नाही. चौथ्यांदा दिली. त्या दिवशी घरी येऊन बाबा जेवले नाहीत, मला फार राग आला होता.

वकील म्हणाले आता अवमान याचिका (कोर्टाची ऑर्डर पाळली नाही म्हणून करतात ती), आणि उशीर करू नका, 1971 च्या कोर्ट अवमान कायद्यात कलम 20 प्रमाणे एक वर्षाची मुदत असते, आमचे दहा महिने संपले होते!! कोणीच आधी सांगितलं नव्हतं म्हणून इथे मुद्दाम लिहितोय. दुसरं म्हणजे ऑर्डरची सर्टिफाईड कॉपी कव्हरिंग लेटर लावून आवक विभागातच द्या आणि आपल्या कॉपीवर शिक्का, आवक नंबर, तारीख घेतल्याशिवाय तिथून हलू नका. आम्हाला ऑर्डर मिळालीच नाही असं ते नंतर म्हणूच शकले नाहीत ते बाबांकडच्या त्या चार निळ्या शिक्क्यांमुळे.

याचिकेत अधिकाऱ्याला नावाने पार्टी केलं. या कायद्यात सहा महिन्यांपर्यंत साधी कैद आणि 2 हजारांपर्यंत दंड आहे, पण आम्हाला कोणाला जेलमध्ये घालायचं नव्हतं, आमचे पैसे हवे होते. नोटीस निघाली आणि वर्षभर न हललेली फाईल पुढच्या तारखेच्या आत हलली, मुद्दल खात्यात. व्याज नाही. कोर्टाने अजून 4 आठवडे दिले तेव्हा कुठे व्याज आलं, अधिकाऱ्याने माफी मागितली, याचिका निकाली. वकिलाची फी मात्र दोनदा गेली.

बाबांच्याच बॅचच्या दोन गुरुजींची अगदी तशीच वसुली झालीय, त्यांना ऑफिस अजून म्हणतं तुमच्या नावाची ऑर्डर आणा. काल बाबांनी आपल्या अख्ख्या फाईलच्या दोन झेरॉक्स काढल्या आणि त्यांच्या घरी नेऊन दिल्या.