अटक नाही म्हणे, मग पट्टा का काढला?

धाकट्या भावाला शनिवारी संध्याकाळी साडेचारला पोलिसांनी घरून नेलं. पार्किंगवरून मारामारी झाली होती. "चौकशीला चला, तासाभरात सोडतो," म्हणाले. वकील मिळणं, वकीलपत्र, सोमवारचं कोर्ट, हे तसं बरं पार पडलं. डोकं अजून तापतं ते रविवारच्या संध्याकाळमुळे.

पाच वाजता मी ठाणे अंमलदारासमोर उभी होते. संविधानाचं कलम २२ सांगतं, अटकेपासून चोवीस तासांत मॅजिस्ट्रेटसमोर न्यायचं. फक्त प्रवासाचा वेळ वगळतात. भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं (जुन्या सीआरपीसीच्या जागी आलेला कायदा) कलम ५८ही तेच. मी म्हटलं, "साहेब, चोवीस तास झाले." तर म्हणतात, "ताई, अटकच दाखवली नाही अजून, तास कसले मोजताय?" मग म्हणे आज रविवार, कोर्ट बंद. हे साफ खोटं. रिमांडसाठी सुट्टीच्या दिवशीही मॅजिस्ट्रेट नेमलेले असतात.

दाराच्या फटीतून भाऊ दिसत होता. बाकावर, अनवाणी, एका हाताने पँट धरून बसलेला. मी विचारलं, "अटक नाही ना? मग पाठवा माझ्याबरोबर घरी. त्याचा पट्टा का काढून घेतलात?" कोणी मान वर केली नाही. तीन तास मी त्या काउंटरवरून हलले नाही. पावणेआठला अटक दाखवली आणि नातेवाईक म्हणून सहीसाठी कागद पुढे सरकवला. अटकेची वेळ १९.४५! मी सहीशेजारी लिहिलं, "शनिवार दु. ४.३० पासून ताब्यात." हवालदार "असं लिहायचं नसतं" म्हणत राहिले. लिहायचं असतं. कोऱ्या वेळेवर किंवा खोट्या वेळेवर नुसती सही करू नका.

खरा उपयोग शनिवारी रात्रीच्या ईमेलचा झाला. वकील मॅडमनी पोलीस आयुक्तालयाला नाव, ठाणं, नेल्याची वेळ एवढंच कळवायला लावलं होतं. ११२ वरही फोन केला होता. सोमवारी मॅजिस्ट्रेटनी भावालाच विचारलं, "कधी आणलं तुला?" मॅडमनी ईमेलची प्रिंट पुढे केली आणि मुंबई उच्च न्यायालयाचा १९९० चा निकाल सांगितला: माणसाची मोकळीक गेली तिथून अटक सुरू, पोलिसांनी कागदावर वेळ घातली तिथून नाही. कोर्टात पोचेपर्यंत त्रेचाळीस तास झाले होते. पोलीस कोठडी नाकारली, संध्याकाळी भाऊ घरी आला. आईने त्याला आधी चप्पल दिली.

एक राहिलंच. अटकेची कारणं लेखी मागा, भावाला समजेल अशा भाषेत. शिवाय सात वर्षांपर्यंतच्या शिक्षेच्या गुन्ह्यात बहुतेक वेळा त्याच संहितेच्या कलम ३५(३) ची, म्हणजे अटक न करता चौकशीला बोलावण्याची, नोटीस देऊन भागतं, हे पहिल्याच रात्री ठासून सांगा. मला ते रविवारी कळलं.

आणि ठाण्यातलं सीसीटीव्ही फुटेज जपून ठेवावं असा अर्ज त्याच दिवशी द्या, पोच घ्या. आमचा अर्ज मंगळवारी गेला. उत्तर अजून आलेलं नाही, आणि मी दर सोमवारी जाऊन विचारते आहे.