बायसन लॉजच्या खिडकीपासून धूपगडच्या माथ्यापर्यंत

नागपूरहून सावनेर, सौंसर, छिंदवाडा आणि तामिया या मार्गाने मध्य प्रदेशातले पचमढी साधारण २५० किलोमीटरवर आहे. पर्यटकांना ते थंड हवेचे ठिकाण म्हणून माहीत असले, तरी विदर्भातल्या कितीतरी घरांत त्याची पहिली ओळख महादेवाच्या यात्रेतून झालेली असते, आणि आमचे घर त्यांतलेच आहे. माझे आजोबा, म्हणजे आईचे वडील, महाशिवरात्रीला नवसाचा त्रिशूळ खांद्यावर घेऊन चौरागड चढून गेले होते. त्या वाटेचे, खोल दऱ्यांचे आणि गुहेत अखंड टपकणाऱ्या पाण्याचे वर्णन आईने लहानपणी इतक्या वेळा ऐकले होते की ते डोंगर न पाहताही तिला पाठ होते. आता तिने सत्तरी ओलांडली आहे आणि गुडघे तिला फार पायऱ्या चढू देत नाहीत. तिला न थकवता, पण उरकून टाकल्यासारखेही न होऊ देता, सातपुड्याचा हा भाग कसा दाखवावा याचा विचार करताना आम्ही गाइडसोबतच्या एका दिवसाच्या जिप्सी फेरीचा पर्याय निवडला. घरातल्या ज्येष्ठांना घेऊन जाऊ इच्छिणाऱ्यांना उपयोग व्हावा, म्हणून हा अनुभव सविस्तर लिहीत आहे.

दिवाळीची गर्दी ओसरल्यानंतरचे नोव्हेंबरचे दिवस आम्ही मुद्दाम निवडले, कारण पावसाळ्यात दऱ्या धुक्याने भरून जातात आणि पुढे डिसेंबर-जानेवारीतली पहाटेची थंडी आईला सोसली नसती. सोबत माझे पती आणि ताईचा अकरावीत शिकणारा मुलगा होता. मी शाळेत भूगोल शिकवते, त्यामुळे सिल्लेवानीचा घाट चढताना भाच्याला मी रस्त्याकडेचा काळा दगड दाखवत होते. आपल्या नागपुरातल्या सेमिनरी हिल्स टेकडीवर जो बेसाल्ट आहे, तोच हा, सुमारे ६.६ कोटी वर्षांपूर्वीच्या लाव्हाचा. छिंदवाड्याच्या पठारावरही बराच वेळ त्याचीच सोबत असते. तामिया मागे पडले, मटकुलीजवळ देनवा नदी ओलांडली आणि शेवटचा घाट सुरू झाला, तसा दगडाचा रंग बदलून पिवळसर, तांबूस झाला. पचमढीचे सगळे डोंगर या वाळूकाश्माचे आहेत, आणि इथल्या दऱ्या आपल्या सह्याद्रीपेक्षा इतक्या वेगळ्या का दिसतात, याचे उत्तर त्यातच आहे.

फेरीची सुरुवात बायसन लॉजपासून होते. ब्रिटिश अधिकारी कॅप्टन जेम्स फोर्सिथने १८६२ मध्ये बांधलेली ही वास्तू पचमढीतल्या जुन्या इमारतींपैकी एक असून तिथे आता वनखात्याचे संग्रहालय आहे. त्याच्या आदल्याच वर्षी, १८६१ मध्ये, नागपूरला राजधानी करून मध्य प्रांत स्थापन झाला होता, आणि पुढे नागपूरच्या उन्हाळ्याला कंटाळलेल्या सरकारचा मुक्काम दर उन्हाळ्यात पचमढीला हलत असे. ज्या गावाला आपण सहलीचे गाव समजतो, ते एकेकाळी आपल्याच शहराच्या कारभाराचा भाग होते, हे नागपूरच्या मुलांना शाळेत सांगितले जायला हवे असे मला मनापासून वाटते.

जंगलातल्या स्थळांसाठी लागणारा परवाना आम्ही इथल्याच खिडकीवर घेतला. धूपगडसारख्या ठिकाणी आपली खासगी गाडी नेता येत नाही. नोंदणी केलेली जिप्सी आणि तिच्यासोबत गाइड घ्यावा लागतो. ओळखपत्राच्या प्रती, सर्वांची नावे आणि वये, गाडीचा क्रमांक असा सगळा तपशील अर्जात भरावा लागतो, म्हणून प्रती घरूनच काढून नेलेल्या बऱ्या. माझे पती खिडकी उघडण्याआधीच रांगेत उभे राहिले आणि तोवर मी बाहेर उभ्या असलेल्या चालकांशी बोलून घेतले. या बोलण्यात कंटाळा करू नये. कोणकोणती ठिकाणे, प्रत्येक ठिकाणी किती वेळ, प्रवेशशुल्क आणि गाइडचे पैसे भाड्यात धरले आहेत की वेगळे, आणि मुख्य म्हणजे धूपगडचा सूर्यास्त त्यात आहे की नाही, हे सगळे निघण्यापूर्वी स्पष्ट झाले पाहिजे. पहिल्या चालकाने आम्हाला दिवसभरात दाखवायच्या स्थळांची लांबलचक यादी म्हणून दाखवली. त्या हिशेबाने आई दिवसभर गाडीत चढत-उतरतच राहिली असती, म्हणून आम्ही नम्रपणे नकार दिला. दुसऱ्या चालकाने आधी आईकडे पाहिले आणि विचारले, "माताजी कितनी सीढ़ी उतर पाएँगी?" आम्ही त्याचीच गाडी ठरवली.

गाइड जवळच्याच गावातला कोरकू आदिवासी तरुण होता. नागपंचमीच्या आणि शिवरात्रीच्या दिवसांत विदर्भातले लोक मोठ्या संख्येने येत असल्यामुळे त्याला मराठी चांगली समजत होती आणि थोडी बोलताही येत होती. आमची यादी त्याने शांतपणे ऐकून घेतली आणि तिचा क्रम पूर्ण बदलला. बी फॉल या धबधब्याच्या पायऱ्या उतरणे सोपे असले तरी परत चढताना आईला त्रास होईल, म्हणून तो वगळला. हांडीखोह वाटेत आधी लागत असूनही सकाळी तिथे थांबायचे नाही, कारण त्या वेळी दरीचा तळ गडद सावलीत असतो. आधी सरळ महादेवापर्यंत जायचे आणि ऊन डोक्यावर येऊ लागले की परतताना हांडीखोह पाहायचे, असे त्याने सुचवले. डोंगरात कोणती जागा कोणत्या प्रहरी पाहावी हे रोज तिथे उभे राहणाऱ्या माणसालाच कळते, आणि गाइडचा खरा उपयोग मला इथेच जाणवला. नकाशावरून मी आखलेला क्रम अंतराच्या दृष्टीने बरोबर होता, पण त्यात उन्हाचा विचार कुठेच नव्हता.

बडा महादेवाच्या गुहेत आम्ही पोहोचलो तेव्हा गर्दी झालेली नव्हती. छतातून पाणी टपकत होते आणि फरशी ओली होती. गाइडने आईचा हात धरून तिला पिंडीपर्यंत नेले. "बाबा सांगायचे तसंच आहे गं," एवढेच ती म्हणाली आणि बराच वेळ वर छताकडे पाहत उभी राहिली. भस्मासुराला विष्णूने मोहिनीरूपात इथेच संपवले अशी कथा आहे. तिथून जवळच असलेला गुप्त महादेव म्हणजे खडकातली एक अरुंद फट आहे. आत एका वेळी मोजकीच माणसे आडव्या अंगाने सरकत जाऊ शकतात, तेव्हा आई बाहेर बसली आणि भाचा आत जाऊन आला. चौरागडची पायवाटही याच बाजूने वर चढते. आई पहिल्या पायरीजवळ थांबली. वरून त्रिशूळ वाहून परतणारी एका कुटुंबातली माणसे उतरत होती, ती अमरावतीकडची निघाली, आणि त्यांच्यातल्या एका वयस्क बाईंनी आईला ओळख नसताना प्रसादाचा नारळ दिला. त्या दोघींचे यात्रेबद्दलचे बोलणे इतके रंगले की आम्ही तिथेच अर्धा तास थांबलो. आमच्या फेरीत ठिकाणे कमी ठेवली होती, म्हणूनच हा अर्धा तास आम्हाला देता आला.

परतताना प्रियदर्शिनी पॉइंट लागतो. याचे जुने नाव फोर्सिथ पॉइंट. इथून डावीकडे चौरागड, मध्ये महादेव आणि उजव्या हाताला धूपगड अशी तीन शिखरे एका नजरेत येतात आणि दिवसभराचा सगळा भूगोल समजतो. माझ्या मते ज्यांना फार वेळ नाही त्यांनी एवढे एक ठिकाण तरी चुकवू नये.

हांडीखोहला पोहोचेपर्यंत अकरा वाजून गेले होते. कठड्याशी उभे राहिले की पायाखालची जमीन एकदम संपते आणि सुमारे १०० मीटर खोल, दोन्ही बाजूंनी सरळ तासलेल्या भिंतींची चिंचोळी दरी समोर येते. ऊन तोवर भिंतींवरून बरेच खाली उतरले होते, त्यामुळे खालच्या झाडांचे शेंडे वेगवेगळे दिसत होते. गाइडने समोरच्या कड्यावर बोट दाखवले, तेव्हा आधी मला दगडावरचे काळे डाग दिसले. नीट पाहिल्यावर ती आग्या माशांची पोळी असल्याचे लक्षात आले. कड्याच्या पुढे आलेल्या कंगोऱ्याखाली, पावसाच्या माऱ्यापासून सुरक्षित अशा जागी, ती ओळीने लोंबत होती. इथे मोठ्याने ओरडू नये आणि धूर करू नये, असे त्याने भाच्याला बजावले. महादेवाने एका दुष्ट सर्पाला या दरीत कोंडले अशी इथली कथा आहे. भूगोलाच्या दृष्टीने पाहिले तर या वाळूकाश्माचे थर जाड आणि एकसंध आहेत, पण त्यांत उभ्या भेगा आहेत. पाणी त्या भेगांत शिरून लाखो वर्षे खाली कोरत जाते आणि बाजूच्या भिंती मात्र न ढासळता उभ्या राहतात. सह्याद्रीत लाव्हाच्या आडव्या थरांमुळे उतारावर पायऱ्या-पायऱ्या दिसतात, तशा इथे दिसत नाहीत.

दुपारी जेवण आणि आईची विश्रांती झाल्यावर आम्ही रीछगडला गेलो. गुहेसारख्या वाटेने आत शिरले की चहूबाजूंनी खडकाने वेढलेले एक नैसर्गिक प्रांगण लागते. या ठिकाणी मला सगळ्यात जास्त वेळ लागला. भिंतीच्या एका भागात, डोळ्यांच्या उंचीवर, लिंबाएवढे पांढरे गारगोटीचे गोटे तांबूस वाळूत घट्ट बसलेले होते. मी भाच्याला हात फिरवून पाहायला सांगितले. प्रत्येक गोटा गुळगुळीत आणि गोल होता, म्हणजे तो नदीच्या पाण्यातून दूरवरून घासत आलेला होता. त्याच्या वर वाळूच्या तिरप्या रेघा एकावर एक रचलेल्या दिसत होत्या. पाणी ज्या दिशेला वाहत होते, त्या दिशेला त्या उतरत्या असतात. हा खडक २० कोटींहून अधिक वर्षांपूर्वी, डायनोसॉरचे युग नुकते सुरू होत असताना, मोठ्या नद्यांनी आणलेल्या वाळूचा बनला आहे आणि तो गोंडवन नावाच्या खडकांच्या गटातला आहे. याच गटातल्या, पण त्याहून जुन्या एका वाळूकाश्माला भूशास्त्रात आपल्या नागपूरजवळच्या कामठीचे नाव दिलेले आहे, हे ऐकल्यावर भाच्याने त्या भिंतीचे फोटो काढले. गाइडनेही ते लक्षपूर्वक ऐकले आणि त्या गोट्यांना त्याच्या गावात नदीचेच दगड म्हणतात असे सांगितले.

धूपगड हे सातपुड्यातले आणि मध्य प्रदेशातले सर्वांत उंच शिखर, सुमारे १,३५० मीटर. नागपूर समुद्रसपाटीपासून साधारण ३१० मीटरवर आहे, म्हणजे आपण घरापेक्षा एक किलोमीटर उंच आलेलो असतो. शेवटचा रस्ता तीव्र वळणांचा आहे. आईला पुढच्या आसनावर बसवले आणि तिच्यासाठी शाल व कानटोपी हाताशी ठेवली. गाडी थेट माथ्याजवळ जात असल्याने ज्येष्ठांना इथे फारसे चालावे लागत नाही. सूर्यास्त साडेपाचच्या सुमारास होता, आणि आम्ही तासभर आधी पोहोचलो. बहुतेक मंडळी पश्चिमेच्या कठड्यावर जागा धरून उभी होती. गाइडने मात्र आईसाठी पूर्वेकडच्या बाजूला खुर्ची मागून आणली आणि आम्हाला तिथेच बसायला सांगितले. ऊन कलू लागले तसे समोरचे कडे पिवळ्याचे केशरी आणि केशरीचे तांबडे होत गेले, आणि त्यांच्यात चौरागडचे शिखर स्वच्छ उठून दिसू लागले. आईने आजोबांची वाट नजरेने शोधायचा प्रयत्न केला, गाइडने बोटाने तिचा अंदाज दाखवला, आणि ती शिखरावरून डोळे न हलवता बसून राहिली. शेवटची काही मिनिटे आम्ही पश्चिमेला जाऊन सूर्य बुडताना पाहिला. तो सुंदर होताच, पण माझ्यासाठी त्या संध्याकाळचे खरे दृश्य पूर्वेचे होते.

सूर्यास्तानंतर माथ्यावर थांबू देत नाहीत, सगळ्या जिप्सी एकामागून एक उतरू लागतात. उतरताना जलगलीजवळ गाइडने नागद्वारीच्या यात्रेची वाट दाखवली. हा भाग व्याघ्र प्रकल्पातला असल्याने ती एरवी बंद असते आणि श्रावणात नागपंचमीच्या सुमारास थोड्या दिवसांसाठीच उघडते. भाच्याने पुढच्या वर्षी जायची इच्छा बोलून दाखवली, तेव्हा गाइडने त्याला तीन गोष्टी सांगितल्या: वाट पावसात निसरडी असते, मध्ये लोखंडी शिड्या आहेत, आणि जोडे चांगले हवेत. नाक्यावर गाडीची नोंद झाल्यावर आम्ही ठरलेले पैसे दिले, आणि वर गाइडला वेगळी बक्षिसी दिली. आईने सौंसरहून घेतलेल्या संत्र्यांची उरलेली पिशवी त्याच्या हाती ठेवली आणि भाच्याला त्याचा फोन नंबर लिहून घ्यायला सांगितले.