नकाशावरचा ठिपका आणि समोरचा चेहरा

एकमेकांना आपले लोकेशन सतत दिसू देणे हा हल्ली जोडप्यांमध्ये प्रेमाचा पुरावा मानला जातो. व्हॉट्सॲपवरची थेट लोकेशनची सोय मला आवडते ती मुदतीमुळे: पंधरा मिनिटे, एक तास किंवा आठ तास. रात्री उशिरा रिक्षाने घरी येताना मी ती तासाभरासाठी सुरू करते आणि घरी पोहोचले की विषय संपतो.

खरी अडचण येते ती बारमाही लोकेशनची. इमारतीच्या आत उपग्रहाचा सिग्नल क्षीण झाला, की फोन वायफाय आणि मोबाइल टॉवरवरून अंदाज बांधतो आणि ठिपका खुशाल शेजारच्या इमारतीवर सरकतो. माझ्या एका मैत्रिणीला नवऱ्याचा ठिपका असाच ऑफिससमोरच्या लॉजवर दिसला. संध्याकाळी तो आला तेव्हा काहीही न विचारता ती त्याचा चेहरा न्याहाळत राहिली. बूट काढताना त्याने मान वर केली नाही, चहाचा कपही नजरेला नजर न देता घेतला, आणि तेवढ्यावर तिने निवाडा करून टाकला. साहेबांनी त्याला त्या दिवशी चारचौघांत झापले होते, हे कळायला रात्रीचे अकरा वाजले. त्याच्या चेहऱ्यावरचा ताण तिने अचूक ओळखला होता, पण त्यामागचे कारण तिला ठिपक्याने पुरवले होते.

चार्ल्स बाँड आणि बेला डीपॉलो या मानसशास्त्रज्ञांनी २००६ साली अनेक प्रयोगांचे निष्कर्ष एकत्र तपासले, तेव्हा खरेखोटे ओळखण्यात माणसे सरासरी शंभरात चोपन्न वेळाच बरोबर ठरतात, असे दिसले. त्या प्रयोगांत बहुतेक अनोळखी माणसे होती, हे खरे. पण नजर चुकवली म्हणजे खोटेच, हा आपला लाडका ठोकताळा घरातही तितकाच लंगडा आहे.

जामिनावरील आरोपीने गूगल मॅप्सवरचे आपले ठिकाण तपास अधिकाऱ्याला दिसत ठेवावे, ही अट सर्वोच्च न्यायालयाने जुलै २०२४ मध्ये खासगीपणाच्या हक्काचा भंग ठरवून काढून टाकली. आरोपीला मिळालेली ही मोकळीक नवऱ्याला मात्र मागता येऊ नये, हे मला चमत्कारिक वाटते. मैत्रिणीलाही ते पटते. तरी दोघांचे लोकेशन अजून सुरूच आहे, कारण जो आधी बंद करील त्याला ‘का केलेस?’ या प्रश्नाचे उत्तर द्यावे लागेल.