तुम्ही विचारलंत म्हणून: ग्रीसमध्ये पावसाळा कधी असतो?

गुहागरला गेले की हा प्रश्न ठरलेला. ओटीवर बसल्या बसल्या कुणीतरी विचारतंच, "तुमच्याकडे पावसाळा कधी गं?" बारा वर्षं मी पिरियसला राहते, अथेन्सच्या बंदरावर. साधारण ऑक्टोबर ते मार्च, असं सांगितलं की पुढचा प्रश्न येतो, "आणि जून-जुलैत?" काही नाही, थेंबही नाही म्हटलं तरी चालेल. "अगो, पण चहूकडे समुद्र ना?"

हा 'पण' मला मनापासून आवडतो. आपल्या लेखी समुद्र म्हणजे पाऊस. मलाही पहिल्या वर्षी तसंच वाटलं होतं.

महाराष्ट्राच्या निम्म्याहून लहान हा देश, पण किनारा १३,००० किलोमीटरच्या वर, कारण समुद्र जागोजागी आत घुसलाय आणि बेटं हजारोंनी. पश्चिमेला आयोनियन, पूर्वेला एजियन, क्रीटच्या दक्षिणेला लिबियन समुद्र. मुख्य भूमीवर पिंडस पर्वताची उभी रांग, थेट आपल्या सह्याद्रीसारखी. हिवाळ्यात ढग पश्चिमेकडून येतात आणि या रांगेवर अडतात. म्हणून कॉर्फू बेटावर वर्षाला हजार मिलीमीटरच्या वर पाऊस, तर अथेन्सला जेमतेम चारशे. कॉर्फू म्हणजे कोकण आणि अथेन्स म्हणजे माण-खटाव, असं सांगितलं की ओटीवर लगेच कळतं.

उन्हाळाभर तापलेला समुद्र ऑक्टोबर-नोव्हेंबरातही उबदार असतो. वरून थंड हवा आली की ती त्याची वाफ उचलते आणि जमिनीवर रिती करते. कधी हे भयंकर होतं. सप्टेंबर २०२३ मध्ये 'डॅनियल' वादळात वारा उलटा, एजियनकडून आला. पेलियन डोंगरावरच्या झागोरा गावात एका दिवसात साडेसातशे मिलीमीटर पाऊस पडला आणि खाली थेसलीच्या मैदानाचा मोठा भाग पाण्याखाली गेला. अथेन्सचा जवळजवळ दोन वर्षांचा पाऊस एका दिवसात! त्या दिवसांत मला आपल्याकडचा २६ जुलै सारखा आठवत होता.

मग उन्हाळ्यात काय? एका ऑगस्टमध्ये नाक्सोस बेटावर जायला मी राफिना बंदरावर उभी होते. आकाश निळंशार, ढगाचा ठिपका नाही, आणि समुद्र पांढरा फेसाळलेला. बोटी दोरखंडांना हिसके देत होत्या. बोट सुटणार नाही असं जाहीर झालं. या बंदीला इथे 'अपागोरेफ्तिको' म्हणतात. वारा आठ बोफोर, म्हणजे ताशी साठ किलोमीटरच्या वर. मी सवयीने वर बघत होते. शेजारच्या आजी डोक्याचा रुमाल गच्च बांधत म्हणाल्या, "ढग कशाला शोधतेस? मेलतेमीला ढग लागत नाहीत."

मेलतेमी हा एजियनवरचा उन्हाळी उत्तरवारा. प्राचीन ग्रीक त्याला 'एतेसियाई' म्हणत, म्हणजे दरवर्षी येणारे. मॅसिडोनियाचा राजा फिलिप नेमक्या याच दिवसांत हल्ले करतो, कारण तेव्हा अथेन्सचं आरमार उत्तरेकडे जाऊ शकत नाही, असं त्या काळचा वक्ता डेमोस्थेनीस अथेन्सकरांना बजावत असे. आजही सांतोरिनीला द्राक्षवेली मांडवावर चढवत नाहीत, जमिनीलगत टोपलीसारख्या वळतात आणि घड त्या टोपलीच्या आत, वाऱ्याच्या आड पिकतात. मी वाकून त्यात हात घातला होता. बाहेर वारा कानाला बोचत होता आणि आत पान हलत नव्हतं.

हा वारा कुठून येतो, हे कळलं तेव्हा मी आईला लगेच फोन केला होता. उन्हाळ्यात उत्तरेकडे बाल्कन देशांवर हवेचा दाब जास्त असतो आणि तुर्कस्तानकडे कमी. हा कमी दाबाचा पट्टा आपल्या मान्सूनच्याच पट्ट्याचं पश्चिमेकडचं टोक आहे! दोन्हींच्या मधून वारा दक्षिणेकडे सुटतो. शिवाय मान्सूनच्या पावसात भारतावर वर चढलेल्या गरम हवेचा परिणाम पश्चिमेकडे दूरवर पोचतो आणि पूर्व भूमध्य समुद्रावर हवा खाली बसते. रॉडवेल आणि हॉस्किन्स या शास्त्रज्ञांनी १९९६ मध्ये हे मांडलं. खाली बसणारी हवा तापते, कोरडी होते, ढग धरू देत नाही. समुद्र आहे, वाफ आहे, पण तिला वर जायला वाट नाही. आपल्याकडे कोसळतं म्हणून इकडे कोरडं राहतं. एकटं तेवढंच कारण नाही, पण मोठं कारण आहे.

आई एवढंच म्हणाली, "म्हणजे आपल्याकडे होड्या किनाऱ्यावर ओढल्या की तुमच्याकडे बोटी बांधतात."

हो, जवळजवळ तसंच. म्हणून जुलै-ऑगस्टात बेटांवर येणार असाल, तर छत्री नको. पण परतीची बोट आणि विमान यांच्यामध्ये एक पूर्ण दिवस मोकळा ठेवा.